३५ मिनिटं

एक गोष्ट मी वर्षानुवर्षं चुकीची सांगत आले. परीक्षेआधी रडकुंडीला आलेल्या भाचीला सांगितली, बढती हुकलेल्या सहकाऱ्याला सांगितली, एकदा तर ऑफिसच्या कार्यक्रमात माइक हातात धरून सांगितली. टाळ्याही मिळाल्या.

गोष्ट अशी. १९८८ सालचं सोल ऑलिम्पिक. तीन मीटर स्प्रिंगबोर्डचा, म्हणजे लवचिक फळीवरून पाण्यात उड्या मारायच्या खेळाचा गतविजेता, अमेरिकेचा ग्रेग लुगेनिस. प्राथमिक फेरीतल्या नवव्या उडीत त्याचं डोकं फळीवर आपटलं. रक्त आलं, टाके घातले. साधारण ३५ मिनिटांनी तो पुन्हा फळीवर चढला आणि त्या फेरीतली सगळ्यात जास्त गुणांची उडी मारून खाली आला. दुसऱ्या दिवशी सुवर्णपदक. पडला, उठला, जिंकला. तीन क्रियापदांत बसते म्हणून सांगायलाही सोपी.

तपशिलात एकही चूक नाही. फक्त त्या ३५ मिनिटांत तो माणूस कशाला घाबरला होता, ते मला माहीत नव्हतं. तेव्हा ते जगालाही माहीत नव्हतं, पण मला कळू शकेल अशी सोय झाल्यावरही मी बरीच वर्षं जुनीच गोष्ट रेटत राहिले, हे कबूल करायला हवं.

आधी माझ्या फळीबद्दल सांगते, कारण तिच्यामुळेच मी या माणसाकडे पुन्हा वळले.

चाळिशी उलटल्यावर मी पोहायला शिकले. दम टिकायला लागला, खोल पाण्याची भीती गेली, तसा अंगात जरा जोर आला आणि एका संध्याकाळी मी तीन मीटरच्या फळीवर चढले. तीन मीटर म्हणजे खालून बघताना काहीच वाटत नाही. पहिल्या मजल्याची गॅलरी. वर गेल्यावर त्यात आपल्या डोळ्यांपर्यंतची उंची मिळवावी लागते, आणि पाणी नितळ असलं तर तळाच्या फरश्यासुद्धा. नजर पाण्यावर थांबतच नाही, थेट तळाला जाते. स्पर्धांमध्ये पाण्यावर सतत बारीक फवारा का सोडतात ते मला त्या क्षणी कळलं. पृष्ठभाग थोडा मोडला नाही तर वरून येणाऱ्याला पाणी कुठे सुरू होतं तेच दिसत नाही.

फळी पायाला खरखरीत लागते, सॅंडपेपरसारखी. मी अर्ध्यावर गेले आणि थांबले. मी थांबले तरी फळी थांबेना. खालीवर, खालीवर. आधी वाटलं मागून कुणी चढलं. मग लक्षात आलं की माझेच पाय थरथरतायत आणि ती बिचारी तेवढंच मोठं करून मला परत सांगतेय. मागे शिडीवर तीन पोरं खोळंबली होती. त्यांना एकेक करून खाली उतरायला लावलं आणि त्यांच्या पाठोपाठ मी उतरले. शेवटचा पोरगा फार सभ्य होता, काही बोलला नाही. बोलला असता तर बरं झालं असतं.

घरी येऊन लुगेनिसची ती उडी लावली. आणि पहिल्यांदाच त्याच्याकडे न बघता फळीकडे बघितलं.

ॲल्युमिनियमची, १६ फूट लांब, २० इंच रुंद. मागचं टोक पक्कं, मध्ये खाली एक टेकू. हा टेकू सरकतो. बाजूला दातेरी चाक असतं, ते पायानं फिरवून प्रत्येकजण आपल्यापुरता टेकू मागेपुढे करून घेतो. मागे घेतला की फळीचा जास्त भाग मोकळा राहतो, ती जास्त वाकते, पण तिची लय संथ होते. पुढे घेतला की ताठ. माणसाचं वजन, पायाची ताकद, उडीचा प्रकार, सगळ्यांचा हिशेब त्या चाकात असतो. टीव्हीवर हे कधी धड दाखवत नाहीत. कॅमेरा चेहऱ्यावर असतो आणि खाली पाय मुकाट्यानं चाक फिरवत असतो.

मग चाल. काही पावलं, आणि शेवटी एका पायावरून घेतलेली ती उंच झेप, हर्डल म्हणतात तिला. दोन्ही पाय एकत्र टोकावर उतरतात, फळी खाली जाते, आणि इथे खरी कसोटी लागते. घाई केली तर फळी अजून खालीच जात असते, उशीर केला तर ती वर येऊन आपल्या गुडघ्यांवर धडकते. तिच्याशी झगडता येत नाही. ती परत यायला निघेल तेव्हा तिच्याबरोबर निघायचं. प्लॅटफॉर्म म्हणजे दहा मीटरवरचं सिमेंट, ते आपल्या बाजूनं काहीच करत नाही. स्प्रिंगबोर्डवर मात्र दोघांचं जमावं लागतं. म्हणूनच की काय, प्लॅटफॉर्मवाले लवकर पिकतात आणि स्प्रिंगबोर्डवाले उशिरा. कोवळ्या पोरांना दहा मीटरवर पदकं मिळालेली दिसतात. फळीला वाकवायला भरलेले पाय लागतात, आणि थोडा समजूतदारपणाही.

फळी सुटली की हातात दीड सेकंदाच्या आसपास वेळ असतो. त्यातली गोम अशी की कोलांट्यांचा सगळा जोर फळीवरच मिळतो, हवेत तो नव्यानं आणता येत नाही. हवेत फक्त अंग मुडपून वेग वाढवायचा आणि अंग सोडून कमी करायचा. गुडघे पोटाशी घेतले की भराभर फिरतो. पाय सरळ ठेवून कमरेत घडी घातली, त्याला पाईक म्हणतात, की जरा सावकाश फिरतो आणि जास्त देखणा दिसतो. शेवटी पाण्यात शिरताना हात जोडून तळवे सपाट धरायचे, बोटांनी नव्हे तर तळव्यांनी पाण्याला भोक पाडायचं आणि त्या भोकातून उरलेला सगळा देह आत न्यायचा. नीट जमलं तर पाणी उडत नाही, कापड फाडल्यासारखा आवाज तेवढा येतो. खेळाडू त्याला ‘रिप’च म्हणतात.

आता रिव्हर्स. उड्यांचे जे गट आहेत त्यात तिसरा, म्हणून त्यांचे आकडे तीनशेपासून सुरू होतात. तोंड पाण्याकडे, चाल पुढे, झेप पुढे, पण फिरायचं मागे. म्हणजे ज्या फळीला आत्ताच सोडलं तिच्याच दिशेनं डोकं गरगरत येतं. अंग पुढे सरकतंय आणि डोकं मागे, या दोघांत जेवढं अंतर राहील तेवढाच जीव. पुढे फार गेलात तर उंची जाते आणि परीक्षकांचे गुण जातात. सरळ वर गेलात तर उंची मिळते आणि फळी डोक्याखालीच राहते. लुगेनिस वर जाणारा होता. त्याच्या काळातल्या बाकीच्यांच्या उड्या शेजारी लावून बघा, तो जिथे पोचायचा तिथे दुसरं कुणी पोचत नव्हतं. आणि वरच्या टोकाला तो क्षणभर थांबल्यासारखा वाटतो. थांबत अर्थातच नाही.

हे थांबणं त्यानं नाचातून आणलं होतं. जन्म २९ जानेवारी १९६०, कॅलिफोर्नियात. जन्मदाते किशोरवयीन, बाप सामोअन वंशाचा. नऊ महिन्यांचा असताना फ्रान्सिस आणि पीटर लुगेनिस यांनी त्याला दत्तक घेतलं. पोर दम्याचं, म्हणून व्यायाम हवा, म्हणून नाच आणि कसरती. तीन वर्षांचा असताना तो रंगमंचावर उभा राहायला लागला होता. नृत्याच्या सरावात डोळे मिटून, मनातल्या मनात संगीतावर पूर्ण नाच करून बघायची सवय तिथेच लागली आणि पुढे प्रत्येक उडी तो तशीच आधी मनात, तालावर मारायचा. मराठीत पाण्यातली झेप आणि गाण्यातला स्वर या दोन्हींना आपण ‘सूर’ म्हणतो. मुद्दाम कुणी तसं केलेलं नसणार, पण या माणसापुरतं फार चपखल बसलंय.

घरी पोहण्याचा तलाव बांधला. पोरगा फळीवरून जिम्नॅस्टिक्सच्या कोलांट्या मारायला लागला. हा मान मोडून घेईल या भीतीनं आईनं नवव्या वर्षी त्याला डायव्हिंगच्या शिकवणीला घातलं. शाळेत मात्र हाल. तो बोलताना अडखळायचा. अक्षरं डोळ्यांसमोर उलटीपालटी व्हायची. त्याला डिस्लेक्सिया म्हणतात हे कॉलेजात जाईपर्यंत कुणी सांगितलं नाही, तोवर तो स्वतःला ‘ढ’च समजत होता. रंग सावळा, त्यावरून शिव्या. मुलगा असून नाचतो, त्यावरून वेगळ्या. बारा वर्षांचा असताना त्यानं जीव द्यायचा प्रयत्न केला होता. हे सगळं त्यानं मोठेपणी स्वतःच सांगितलंय. ज्याला वर्गात उभं राहून एक परिच्छेद वाचता येत नाही, त्याला हजारो लोकांसमोर फळीच्या टोकावर उभं राहताना काहीच वाटू नये, हे आधी मला कोडं वाटायचं. आता वाटत नाही. फळीवर कुणी बोलायला लावत नाही.

१९७१ साली एका ज्युनियर स्पर्धेत अकरा वर्षांच्या या पोराला सॅमी ली यांनी पाहिलं, आणि पुढे तेच त्याचे कोच झाले. इथे मला थांबायचंय. ऑफिसातल्या भाषणात मी ली यांचं नावही घेतलं नव्हतं.

सॅमी ली कोरियन स्थलांतरितांचा मुलगा, कॅलिफोर्नियातच वाढलेला. लहानपणी ते पॅसाडीनाच्या सार्वजनिक तलावावर जायचे. तिथे गोऱ्यांखेरीज बाकीच्यांना आठवड्यातून एकच दिवस प्रवेश. तो दिवस संपला की तलाव रिकामा करायचा, आणि दुसऱ्या दिवशीच्या लोकांसाठी ताजं पाणी भरायचं. उरलेल्या दिवशी पाणी नाही, म्हणून त्यांच्या कोचनं वाळूचा खड्डा खणला आणि हा मुलगा वाळूत उड्या मारायला शिकला. वाळूत! पाय रुतवून उडी घ्यायची, पायांवरच उतरायचं. त्यातून पाय असे तयार झाले की १९४८ च्या लंडन ऑलिम्पिकमध्ये प्लॅटफॉर्मचं सुवर्ण आणि स्प्रिंगबोर्डचं कांस्य, १९५२ ला हेलसिंकीत पुन्हा प्लॅटफॉर्मचं सुवर्ण. त्याआधीच ते डॉक्टरही झाले होते.

‘बाटणं’ हा शब्द मराठी माणसाला समजावून द्यावा लागत नाही. पाणी कशानं बाटतं, कुणाच्या हातानं बाटतं, आणि मग ते शुद्ध करायला काय काय करतात, याचं ज्ञान या भाषेत ठासून भरलंय. कॅलिफोर्नियातल्या त्या तलावाचा बूच काढणाऱ्या माणसाला हा शब्द माहीत नसेल, काम मात्र तो तेच करत होता.

तर अशा गुरूच्या घरी राहून, त्यांच्याकडे शिकून लुगेनिस १९७६ साली सोळाव्या वर्षी मॉन्ट्रियलला गेला आणि प्लॅटफॉर्मवर रौप्य घेऊन आला. सुवर्ण इटलीच्या क्लाउस डिबियासीचं, सलग तिसरं. स्प्रिंगबोर्डवर लुगेनिस सहावा. नंतर तो रॉन ओब्रायन यांच्याकडे गेला आणि कारकीर्द संपेपर्यंत त्यांच्याकडेच राहिला. १९८० ला मॉस्कोवर अमेरिकेचा बहिष्कार. ऐन विशीत, अंगात सगळं असताना ती चार वर्षं अशी गेली.

मग जे सुरू झालं त्याची नुसती यादी देण्यात मजा नाही, पण दोन आकडे मला फार आवडतात. १९८२ च्या जागतिक स्पर्धेत, ग्वायाकिलला, त्याच्या एका उडीला सातही परीक्षकांनी दहापैकी दहा दिले. मोठ्या आंतरराष्ट्रीय स्पर्धेत असं आधी झालं नव्हतं. आणि १९८४ ला लॉस एंजेलिसमध्ये स्प्रिंगबोर्डवर त्याचे ७५४.४१, चीनच्या तान लियांगदेचे ६६२.३१. बारा-तेरा गुणांनी जिंकलं तरी दणदणीत म्हणावं अशा खेळात ९२ गुणांचा फरक. प्लॅटफॉर्मचं सुवर्णही त्याचंच. दोन्ही एकाच ऑलिम्पिकमध्ये जिंकणारा पुरुष १९२८ नंतर पहिला. तिथल्या शेवटच्या उडीआधी त्यानं स्वतःला काय बजावलं, तर आता काहीही झालं तरी आईचं माझ्यावरचं प्रेम कमी व्हायचं नाही.

(तान लियांगदेबद्दल एक वाक्य लिहिल्याशिवाय पुढे जाववत नाही. १९८४, १९८८, १९९२. तिन्ही वेळा स्प्रिंगबोर्डचं रौप्य. तिसऱ्यांदा लुगेनिस निवृत्त झालेला, मैदान मोकळं. तर मार्क लेन्झी नावाचा एक अमेरिकन पुढे निघाला, जो मुळात कुस्तीगीर होता आणि १९८४ साली टीव्हीवर लुगेनिसला बघून कुस्ती सोडून डायव्हिंगकडे वळला होता. म्हणजे लुगेनिसनं घरी बसूनसुद्धा तानला हरवलं.)

डोकं आपटणं त्याला नवीन नव्हतं. १९७९ ला तिबिलिसीत प्लॅटफॉर्मवर आपटून तो बेशुद्ध झाला होता. १९८३ ला एडमंटनच्या विद्यापीठ स्पर्धेत सोव्हिएत खेळाडू सर्गेई शालिबाश्विलीचं डोकं रिव्हर्स साडेतीन कोलांट्यांच्या उडीत प्लॅटफॉर्मवर आदळलं. शुद्धीवर न येताच तो आठवड्याभरात गेला. लुगेनिस त्या स्पर्धेत होता. आणि हीच उडी, हीच, त्यानं पुढच्या दोन्ही ऑलिम्पिकमध्ये प्लॅटफॉर्मच्या शेवटी ठेवली. तेव्हा आपटलेल्या डोक्याला हा माणूस घाबरला असेल, हे मुळातच जुळत नाही. मला हे आधीच खटकायला हवं होतं.

आता सोल पुन्हा सांगते.

ऑलिम्पिकच्या सहा महिने आधी, १९८८ च्या मार्चमध्ये, लुगेनिसला एचआयव्ही असल्याचं कळलं. त्या वर्षी याचा अर्थ काय होता हे आज औषधं घेऊन साठी-सत्तरी गाठणारी माणसं आजूबाजूला असताना आठवणं अवघड आहे. औषध एकच, एझेडटी, तेही वर्षभरापूर्वीच आलेलं. दर चार तासांनी घ्यायचं, रात्रीसुद्धा गजर लावून उठून. आपण तिशी बघणार नाही असं त्यानं धरून चाललं होतं. पहिला विचार आला तो सामान बांधून घरी जायचा आणि मरणाची वाट बघायचा. त्याचा डॉक्टर त्याचा नात्यातला भाऊच होता, तो म्हणाला की सराव चालू ठेव, तुझ्या तब्येतीला त्याहून चांगलं काही नाही. ओब्रायनना माहीत होतं. आणखी मोजक्या दोघा-तिघांना. बाकी कुणाला नाही. तो समलिंगी आहे हेही डायव्हिंगच्या वर्तुळाबाहेर उघड नव्हतं. रात्री गजर होणार, गोळी घ्यायची, सकाळी फळीवर जायचं आणि चेहरा कोरा ठेवायचा.

१९ सप्टेंबर. नववी उडी, रिव्हर्स अडीच कोलांट्या, पाईकमध्ये. क्लिप सावकाश लावली तर दिसतं की तो जसा नेहमी जातो तसाच गेला, वर. फक्त पुढे पुरेसा गेला नाही. दुसरी कोलांटी सुटतानाच डोकं फळीच्या टोकाला लागतं. आवाज येतो. पोकळ, पत्र्याच्या डब्यावर लाकूड आपटावं तसा. पाण्यात तो वाकडातिकडा पडतो, पाणी सगळीकडे उडतं, त्याच्या अख्ख्या कारकिर्दीत उडालं नसेल इतकं. प्रेक्षकांचा तो ‘आ’. त्या उडीला ६.३ गुण मिळाले. अगदी शून्य नाही, पण परीक्षकांनी किती कंजूषपणे दिले असतील.

पाण्याखाली असताना आधी वाटली ती लाज, असं त्यानं नंतर सांगितलं. जगातला सगळ्यात चांगला डायव्हर फळीवर डोकं आपटून घेतो. कुणाला न दिसता इथून बाहेर कसं पडायचं. मग रक्ताची आठवण झाली. माझ्या डोक्यातून रक्त येतंय का? ते पाण्यात गेलंय का? बाहेर आल्यावर संघाचे डॉक्टर धावत आले, जखम दाबली, टाके घातले. त्यांच्या हातात मोजे नव्हते. तेव्हा अशा घाईत मोजे घालायची रीत सगळीकडे रुळलेली नव्हती. लुगेनिसला तोंड उघडायचं होतं आणि उघडवलं नाही. उघडलं असतं तर सांगायचं कुठून सुरू करायचं?

ती ३५ मिनिटं अशी होती. मी ज्याला धैर्य म्हणून टाळ्या मिळवल्या, त्या वेळात तो बसून हा विचार करत होता की आपण आत्ता किती जणांना मारलं.

शास्त्र म्हणाल तर कुणालाही धोका नव्हता. एवढ्या मोठ्या तलावात चार थेंब, त्यात क्लोरीन, आणि हा विषाणू शरीराबाहेर पाण्यात तग धरणारा नव्हेच. त्या डॉक्टरांचीही नंतर तपासणी झाली, त्यांना काही झालेलं नव्हतं. पण भीतीला हे सांगून काय उपयोग. १९८८ साली जगभर लोक हात मिळवायला घाबरत होते, पेला वेगळा ठेवत होते. आणि हे घडलं कुठे, तर ज्यांच्या स्पर्शाच्या पाण्याचा एकेकाळी दर आठवड्याला निचरा करत, त्या सॅमी लींच्या आईवडिलांच्या देशात. मी याला योगायोगच म्हणेन, दुसरं काही नाही. पण तो दिसल्यापासून माझ्या डोक्यातून जात नाही.

मग तो चढला. दहावी उडी, रिव्हर्स दीड कोलांट्या आणि साडेतीन गिरक्या. म्हणजे पुन्हा रिव्हर्सच, पुन्हा डोकं फळीच्या दिशेनं. उभं राहिल्यावर त्यानं छातीवर हात आपटून काळीज कसं धडधडतंय ते दाखवलं, तसं लोक हसले. ८७.१२ गुण. तो तिसऱ्या क्रमांकानं अंतिम फेरीत गेला. दुसऱ्या दिवशी अकरा उड्या नव्यानं, त्यात तीच रिव्हर्स अडीच परत मारायची. मारली. ७३०.८० गुण, तान लियांगदे ७०४.८८.

आठवड्याभरानं प्लॅटफॉर्म. शेवटच्या उडीआधी तो १४ वर्षांच्या श्युंग नीच्या तीन गुण मागे होता. ती जीवघेणी रिव्हर्स साडेतीन मारून १.१४ गुणांनी पुढे गेला. हरलेलं ते पोरगं पुढे मोठं झालं, पाय भरले, फळीवर आलं आणि १९९६ व २००० अशी दोन्ही स्प्रिंगबोर्ड सुवर्णं घेऊन गेलं. सिडनीत तर ०.३० गुणांनी. कुणाचं काय कुठे फिटेल सांगता येत नाही.

लुगेनिसनं तिथेच खेळ सोडला. १९९४ ला न्यूयॉर्कच्या गे गेम्समध्ये आपण समलिंगी आहोत हे जाहीर सांगितलं, आणि १९९५ ला टीव्हीवरच्या मुलाखतीत एचआयव्हीबद्दल. त्यावर जो गदारोळ झाला त्यातला मोठा भाग एकाच प्रश्नाभोवती फिरला. त्यानं सोलमध्ये तेव्हाच सांगायला नको होतं का? डॉक्टरांना सांगायला हवं होतं, असं मलाही वाटतं, आणि तसं त्यालाही वाटत होतं. त्याबद्दल त्यानं लपवाछपवी केली नाही. पण प्रश्न विचारणाऱ्यांचा रोख डॉक्टरांच्या हातांपेक्षा तलावातल्या पाण्याकडेच जास्त होता, आणि त्यात काळजीपेक्षा शिसारी अधिक होती. जाहिरातवाले बहुतेक पांगले. पोहण्याचे कपडे बनवणारी स्पीडो तेवढी पुढे बरीच वर्षं त्याच्याबरोबर राहिली.

आणि तो जगला. नवी औषधं आली, तिशी गेली, चाळिशी गेली. ग्रेट डेन जातीची थोराड कुत्री पाळली, लहान जातीची कुत्री घेऊन अडथळ्यांच्या शर्यतींत धावला, नाटकांत कामं केली. नव्या अमेरिकन डायव्हरांना शिकवायला परत तलावाच्या काठावर आला. २०१६ साली, ऑलिम्पिकवीरांचे फोटो छापायची जुनी रीत असलेल्या व्हीटीज या न्याहारीच्या खोक्यावर त्याचा फोटो आला, ३२ वर्षं उशिरा. २०२५ ला त्यानं आपली तीन पदकं लिलावात विकली. बातमी वाचून लोक हळहळले. मला त्यात हळहळण्यासारखं काही दिसलं नाही. वस्तू त्याची, त्याला नको असेल.

फळीवर मी नंतर दोनदा चढले. एकदा टोकापर्यंत गेले आणि पाय खाली सोडून बसले. असं बसू देत नाहीत, शिट्टी वाजली. दुसऱ्यांदा नाक धरून सरळ उभी पडले. त्याला उडी म्हणणं अतिशयोक्ती होईल.

आजकाल ती क्लिप लावते तेव्हा मी वेगळंच काही शोधत असते. जितक्या मिळाल्या तितक्या पाहिल्या, सगळ्या एकाच जागी तुटतात. तो काठाला येतो, डोक्याला हात लावून हाताकडे बघतो, माणसं त्याला घेऊन आत जातात, आणि तिथे चित्र कापून थेट पुढची उडी लावलेली असते. पण स्पर्धा थांबलेली नव्हती. त्याच्यानंतर यादीत कुणाचं तरी नाव होतं. तो कोण होता? शिडी चढला असेल, ओल्या फळीवर उभा राहून टेकूचं चाक पायानं त्याच्या जागी आणलं असेल, फवाऱ्यानं मोडलेल्या पाण्याकडे एकदा बघितलं असेल, आणि त्यात सूर मारला असेल.